मिनिएचर (पटावरील खेळांतील लघुमूर्ती)

डावपेचांच्या पटखेळांत सैनिक, घोडेस्वार, तोफ, राक्षस इत्यादींच्या जागी वापरली जाणारी, बैठकीवर उभी केलेली छोटी मूर्ती. उंची सर्वसाधारणपणे १५ ते ३५ मिमी. अजस्र प्राणी व यंत्रे याला अपवाद. खेळणारे तिला ‘मिनिएचर’ किंवा नुसते ‘मिनी’ म्हणतात. सोंगटी, मोहरे, प्यादे हे जुने शब्द मराठीत आहेतच, पण सारीपाटाची सोंगटी आणि ही मूर्ती एक नव्हेत : सोंगटी रंगाने ओळखली जाते, मिनिएचर चेहऱ्याने आणि हातातल्या शस्त्राने. चित्रकलेतील मिनिएचर म्हणजे लघुचित्र, त्याचा येथे संबंध नाही. पेटीत आलेल्या मूर्तींऐवजी अधिक तपशीलवार मूर्ती विकत घेणे, किंवा आहेत त्याच रंगवून, कापून-जोडून सुधारणे, हा या छंदाचा निम्मा भाग होय. कित्येकांच्या बाबतीत निम्म्याहून अधिक.

उगम : लघुमूर्तीचा वंश दोन ठिकाणी शोधला जातो. पहिल्या मतानुसार ती मूर्तिरूप बुद्धिबळाची संतती. बुद्धिबळाचे जुने नाव ‘चतुरंग’ हा शब्दच सेनेच्या चार अंगांचा आहे आणि बाणभट्टाच्या सातव्या शतकातील ‘हर्षचरिता’त अष्टापद (आठ बाय आठ घरांचा पट) व चतुरंग यांवर श्लेष केलेला आढळतो. तेव्हा पटावर हत्ती-घोडे होते, हे मानायला अडचण नाही. ते हत्ती-घोड्यांसारखे दिसत होते का, हा प्रश्न वेगळा. या वादात पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयाच्या संग्रहातील, फ्रँक सम्राट शार्लमेनच्या नावाने प्रसिद्ध असलेला हस्तिदंती हत्ती नेहमी पुढे केला जातो. हत्तीवर बसलेला राजपुरुष, भोवती घोडेस्वार, आणि बुडाशी ‘यूसुफ अल्-बाहिलीची कृती’ अशा अर्थाचा अरबी लेख. नववे-दहावे शतक आणि सिंधचा परिसर हे काळ-स्थळ पुष्कळांना मान्य आहे, तर काही अभ्यासक ही वस्तू बरीच अलीकडे आणतात. ८१४ मध्ये निधन पावलेल्या शार्लमेनशी तिचा संबंध दंतकथेपुरताच धरावा. मुख्य म्हणजे सुमारे १५ सेंमी उंचीची ही वस्तू खेळातले मोहरे होती की दरबारी शोभेची, याविषयीच एकमत नाही. एवढ्या मोठ्या मोहऱ्यांना पुरणारा पट डोळ्यांसमोर आणला, तर शोभेच्या वस्तूकडे कल झुकतो. स्कॉटलंडमधील लुइस बेटावर १८३१ मध्ये सापडलेली, वॉलरसच्या दातांची, बाराव्या शतकातील मानली जाणारी मोहरी मात्र निःसंशय खेळातली आहेत. त्या ९३ वस्तूंपैकी ७८ बुद्धिबळाची मोहरी आहेत. बंगालमधील बहरामपूर भागात कंपनीच्या काळात हस्तिदंताचे संच कोरले जात. एका बाजूला कंपनीचे शिपाई, दुसऱ्या बाजूला देशी राजाची फौज. ते साहेबांनी विकत घेऊन घरी नेण्यासाठी होते, आणि बहुतेक कपाटातच राहिले असावेत.

दुसऱ्या मतानुसार हा वंश जर्मन युद्धखेळातून येतो. ब्रन्सविक येथील हेल्विग याने १७८० मध्ये बुद्धिबळाचा पट वाढवून त्यावर निरनिराळी भूमी दाखवणारा खेळ प्रसिद्ध केला. प्रशियात राइसविट्झ यांनी १८१२ मध्ये आणि त्यांच्या मुलाने १८२४ मध्ये त्याला सैनिकी शिक्षणाचे रूप दिले. प्रस्तुत नोंदलेखकाला हे मत अधिक ग्राह्य वाटते, पण एक दुरुस्ती करून. राइसविट्झ पितापुत्रांच्या खेळात मूर्ती नव्हत्याच. पलटणींच्या जागी रंगाने खुणा केलेले चौकोनी ठोकळे होते. मूर्ती आली ती दुसऱ्या घरातून. न्यूरेंबर्गचे चपटे कथिली सैनिक, आणि १८९३ पासून इंग्लंडच्या ब्रिटन्स कारखान्याने आतून पोकळ ओतलेले ५४ मिमीचे शिशाचे सैनिक, ही मुलांची खेळणी होती. इंग्रज लेखक एच. जी. वेल्स यांनी १९१३ मध्ये याच सैनिकांवर स्प्रिंगच्या तोफा डागून खेळायचे नियम छापले, तेव्हा कवायतीच्या मैदानावरचे नियम आणि खेळण्यांच्या दुकानातली मूर्ती एकत्र आली.

नंतरचा इतिहास सुपरिचित आहे. फ्रान्समध्ये १९५७ साली निघालेला, पुढे ‘रिस्क’ नावाने जगभर गेलेला खेळ आरंभी लाकडी ठोकळ्यांवर चालत असे. पायदळ, घोडदळ, तोफखाना यांच्या प्लॅस्टिक मूर्ती त्यात नंतर आल्या. इंग्लंडमध्ये १९७५ मध्ये गेम्स वर्कशॉप ही कंपनी आणि त्या दशकाच्या अखेरीस सिटाडेल ही तिची मूर्तींचे ओतकाम करणारी शाखा उभी राहिली. त्यांचा ‘वॉरहॅमर’ हा युद्धखेळ १९८३ चा. २००९ मध्ये किकस्टार्टर हे लोकांकडून आगाऊ पैसे उभारण्याचे संकेतस्थळ सुरू झाल्यावर मूर्तींनी ठासून भरलेल्या पेट्यांची लाट आली. २०१२ चा ‘झॉम्बिसाइड’ हा पटखेळ हे तिचे सुरुवातीचे ठळक उदाहरण.

प्रमाण : विकत घेणाऱ्याची सर्वांत जास्त फसगत येथे होते. ‘२८ मिमी’ हे प्रमाण नसून माप आहे, आणि ते माप कुठून कुठपर्यंत घ्यायचे यावर दोन पक्ष आहेत. एक पक्ष तळव्यापासून डोळ्यांपर्यंत मोजतो, कारण डोक्यावर शिरस्त्राण, पगडी, टोपी काहीही असू शकते आणि माथा सापडत नाही. दुसरा माथ्यापर्यंत मोजतो. १७० सेंमी उंचीच्या माणसाचे डोळे जमिनीपासून सुमारे १५८ सेंमीवर असतात. पहिल्या रीतीने २८ मिमीचे प्रमाण १:५६ येते, तर दुसऱ्या रीतीने जवळपास १:६१. फरक किरकोळ वाटतो, पण दोन उत्पादकांचे शिपाई शेजारी उभे केले की एक थोरला भाऊ आणि एक धाकटा दिसतो. त्यात ‘हिरोइक’ म्हणून विकल्या जाणाऱ्या मूर्तींची डोकी, पंजे व शस्त्रे मुद्दाम मोठी केलेली असतात, म्हणजे दुरून ओळखता येतात आणि रंगवायला सोपी जातात. खेळण्यांच्या दुकानात सहज मिळणारे १:७२ चे सैनिक माथ्यापर्यंत मोजल्यास २३–२४ मिमी भरतात. ते २८ मिमीच्या फौजेत मिसळू नयेत.

बैठक : मूर्तीखालची चकती. बहुतेक खेळांत चाल, अंतर आणि घराची व्याप्ती बैठकीवर मोजतात. वर उभा असलेला शिपाई तलवार उपसतो की जांभई देतो, याच्याशी नियमांना कर्तव्य नसते. म्हणून पेटीतील मूर्ती बदलताना उंचीआधी बैठकीचा व्यास (२५, ३२, ४० मिमी इ.) जुळवावा, हे जाणकारांचे सांगणे योग्य आहे. बुद्धिबळातही तेच : जागतिक बुद्धिबळ महासंघाच्या मानकात राजा सुमारे ९.५ सेंमी, प्यादे ५ सेंमी, आणि बैठकीचा व्यास उंचीच्या ४० ते ५० टक्के. तेथे १८४९ मध्ये नोंदवलेली स्टाँटन ही मोहऱ्यांची घडण इतकी पक्की बसली की हौशी सुधारणेला वावच उरला नाही. अपवाद आहे तो प्रत्यक्ष दृष्टिरेषा मानणाऱ्या खेळांचा. तेथे मूर्तीच्या डोळ्यांच्या पातळीवरून वाकून पाहतात आणि समोरचा दिसला तरच गोळी लागते. अशा खेळात उभ्या धनुर्धराऐवजी गुडघ्यावर बसलेला आणणे म्हणजे सौंदर्यदृष्टी नव्हे, लबाडी समजली जाते.

द्रव्य व खरेदी : पेटीतील मूर्ती बहुधा मऊ पीव्हीसीच्या असतात, त्यांचे भाले व तलवारी प्रवासात वाकतात. गरम पाण्यात अर्धा मिनिट धरून सरळ कराव्या आणि लगेच गार पाण्यात बुडवाव्या. फ्रेममधून कापून जोडायच्या मूर्ती कडक पॉलिस्टायरिनच्या असतात आणि प्लॅस्टिक वितळवणाऱ्या गोंदाने सांधतात. रेझिन (द्रवातून घट्ट केलेले प्लॅस्टिक) व धातू यांना तो गोंद चालत नाही, फेविक्विकच्या जातीचा लागतो. जुन्या धातुमूर्तींत शिसे असे. १९९० च्या दशकात मोठे उत्पादक कथिलप्रधान मिश्रधातूकडे वळले. जुना संच हाती आल्यास घासताना धूळ उडू देऊ नये आणि नंतर हात धुवावेत.

भारतात किमतीचा प्रश्न वर्गीकरणात अडकलेला आहे. खेळण्यांवरील (सीमाशुल्काच्या वर्गीकरणात शीर्ष ९५०३) मूळ आयात शुल्क २०२० मध्ये २० वरून ६० टक्के आणि २०२३ मध्ये ७० टक्के झाले. पटखेळ ९५०४ या वेगळ्या शीर्षाखाली येतात. १ जानेवारी २०२१ पासून लागू झालेला गुणवत्ता आदेश १४ वर्षांखालील मुलांच्या खेळण्यांना भारतीय मानक ब्यूरोचे चिन्ह सक्तीचे करतो. सुट्या मूर्तींचे पाकीट खेळणे की पटखेळाचा भाग, यावर हातात पडेपर्यंतची किंमत ठरते. पटखेळांवरील जीएसटी २२ सप्टेंबर २०२५ पासून १२ वरून ५ टक्क्यांवर आला. घरी छापणे हा दुसरा मार्ग. ४०५ नॅनोमीटरच्या प्रकाशाने रेझिन घट्ट करणारी यंत्रे ०.०५ मिमीच्या थरांनी मूर्ती उभी करतात. पीएलए या प्लॅस्टिकची तार वितळवून थर रचणारी यंत्रे इमारती व भूभागासाठी बरी.

रंगकाम : साबणाच्या पाण्याने धुणे, अस्तर (प्राइमर), मूळ रंग, खोलगट भागांत उतरणारा पातळ ‘वॉश’, आणि उंचवट्यांवर कोरड्या ब्रशचे ओझरते फटके, हा क्रम सर्वत्र सारखा. मतभेद डोळ्यांविषयी आहे. नागपुरात महाल भागातील चितार ओळीत गणपतीच्या डोळ्यांची आखणी शेवटी होते. मूर्ती त्यानंतरच ‘पाहू’ लागते. लघुमूर्ती रंगवणारे पुष्कळ जण उलट करतात. डोळे आधी, कारण ते हमखास बिघडतात, आणि बिघडलेली रेघ कातडीच्या रंगाने झाकता येते.

नागपुरातील स्थिती : नागपूरची पटखेळांतील ओळख बुद्धिबळाची. रौनक साधवानी, संकल्प गुप्ता हे ग्रँडमास्टर येथलेच, आणि दिव्या देशमुख हिने २०२५ मध्ये बाटुमी येथे महिला विश्वचषक जिंकून ग्रँडमास्टर किताब मिळवला. लघुमूर्तींचा छंद त्या मानाने लहान आणि घरगुती आहे. तान्हा पोळ्याचा (पोळ्याच्या दुसऱ्या दिवशीचा मुलांचा सण) लाकडी बैल हा त्याचा पूर्वज ठरवण्याचा मोह होतो. परंपरा त्या सणाचा आरंभ दुसऱ्या रघूजी भोसल्यांच्या कारकिर्दीत (१७८८–१८१६) मानते. चाकांचा बैल दरवर्षी पुन्हा रंगवायचा, शिंगांना बेगड, अंगावर नवी झूल, आणि तो घेऊन पोरांनी घरोघर बोजारा (खाऊ वा पैसे) मागायचा : ‘जुनेच सुधारून घेणे’ एवढे साम्य खरे. पण तो पटावर खेळला जात नाही, तेव्हा वंशावळीत त्याला ओढू नये.

हवामानाचा परिणाम मात्र प्रत्यक्ष आहे. मे महिन्यात पारा ४५ अंशांवर जातो. पीएलए साधारण ६० अंशांना मऊ पडते, आणि उन्हात उभ्या गाडीच्या डॅशबोर्डवर ते तापमान सहज गाठले जाते. मागे ठेवलेला किल्ला संध्याकाळी ओणवा झालेला सापडतो. स्प्रेचे अस्तर हवेतच सुकून मूर्तीवर भुकटीसारखे बसते, म्हणून ते पहाटे मारतात. पावसाळ्यात तेच दमटपणाने पांढुरके पडते. ॲक्रिलिक रंग पॅलेटवर पाच मिनिटांत वाळतो. त्यावर उपाय मिठाईच्या प्लॅस्टिक डब्याचा : तळाशी ओला स्पंज, वर बटर पेपर, त्यावर रंग. वाळ्याच्या कूलरसमोर बसून रंगवणाऱ्यांचा रंग ओला राहतो खरा, पण वार्निशवर धूळ चिकटते.

स्थानिक विषयावरील तयार मूर्ती दुर्मिळ आहेत. १८०३ च्या असई-अडगाव मोहिमेसाठी मराठा फौजेचे संच परदेशी उत्पादक काढतात. नागपूरचे भोसले व इंग्रज यांच्यातील २६–२७ नोव्हेंबर १८१७ च्या सीताबर्डीच्या लढाईसाठी तेच बदलून वापरावे लागतात. दोन टेकड्या थर्माकोलच्या होतात. लहान टेकडी घेणारे आप्पासाहेब भोसल्यांच्या नोकरीतील अरब हा या लढाईचा कणा. त्यांच्यासाठी मध्यपूर्वेच्या संचांतील शिपाई जवळचे ठरतात. भोसल्यांच्या स्वारांची पगडी मात्र एम-सीलने घडवावी लागते. ओल्या दातकोरणीने पीळ उमटवतात, आणि उन्हाळ्यात मिश्रण इतक्या लवकर घट्ट होते, की एका वेळी दोन-तीन पगड्यांपुरतेच मळतात.