एक्झिट पोल

मत देऊन बाहेर पडलेल्या मतदाराला मतदान केंद्रापासून थोड्या अंतरावर गाठायचे, कुणाला मत दिले ते विचारायचे आणि अशा हजारो उत्तरांवरून निकालाचा अंदाज बांधायचा, या पद्धतीला एक्झिट पोल किंवा मतदानोत्तर चाचणी म्हणतात. मतदानाआधी घेतल्या जाणाऱ्या जनमत चाचणीपेक्षा ही वेगळी. जनमत चाचणीत ‘मत कुणाला देणार’ असे विचारतात. त्याला उत्तर देणारा पुढे मन बदलू शकतो किंवा मतदानाच्या दिवशी घराबाहेर पडतच नाही. एक्झिट पोलमधल्या माणसाच्या बोटाला मात्र शाई लागलेली असते. तिसरा प्रकार म्हणजे मतदानानंतर काही दिवसांत मतदाराच्या घरी जाऊन, निवांत बसून केलेले सर्वेक्षण. दूरचित्रवाणीवर या तिन्हींची सरमिसळ होते आणि प्रेक्षकाला सगळेच ‘पोल’ वाटतात.

या पद्धतीची सुरुवात १९६७ साली झाली. अमेरिकेत वॉरन मिटोफ्स्की यांनी सीबीएस वाहिनीसाठी केंटकी राज्याच्या गव्हर्नरपदाच्या निवडणुकीत ती वापरली आणि त्याच वर्षी नेदरलँड्समध्येही असा प्रयोग झाला. भारतात मतदारांचा कल मोजण्याचे प्रयत्न त्याआधीचे आहेत. एरिक द कोस्टा यांच्या इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ पब्लिक ओपिनियनने १९५० च्या दशकातच ते काम हाती घेतले. रजनी कोठारी यांनी १९६३ मध्ये दिल्लीत स्थापन केलेल्या सीएसडीएस (सेंटर फॉर द स्टडी ऑफ डेव्हलपिंग सोसायटीज) या संस्थेने मतदाराच्या अभ्यासाला शास्त्रीय शिस्त लावली. १९८० च्या दशकात निवडणूक विश्लेषक प्रणय रॉय यांनी निवडणुकीचे गणित सामान्य वाचकापर्यंत नेले. १९९६ च्या लोकसभा निवडणुकीत दूरदर्शनने सीएसडीएसकडून देशव्यापी एक्झिट पोल करून घेतला. खासगी वृत्तवाहिन्या आल्यावर तर मतदान संपल्याची संध्याकाळ म्हणजे एक्झिट पोल असे समीकरणच झाले.

प्रत्यक्ष काम दिसते त्यापेक्षा कष्टाचे असते. आधी मतदारसंघ निवडतात, त्यातून मतदान केंद्रे. शहर आणि खेडे, जात, धर्म, मागच्या निवडणुकीचा कौल यांचा मेळ त्या निवडीत साधावा लागतो. प्रश्न विचारणारा मुलगा किंवा मुलगी रस्त्याच्या कडेला उभी राहून ठरावीक अंतराने एकेका मतदाराला थांबवते. पाचवा म्हणजे पाचवाच. समोरून हसत येणारा चौथा सोयीचा वाटला तरी त्याला घ्यायचे नाही. काही संस्था मतदाराच्या हाती मतपत्रिकेसारखा कागद देतात, तो खूण करून, घडी घालून डब्यात टाकतो. काही थेट टॅबवर उत्तर नोंदवतात. फरक छोटा वाटला तरी महत्त्वाचा आहे, कारण गावात केंद्राबाहेर सरपंचाची माणसे उभी असतात, भावकी असते, ज्याच्या शेतात मजुरीला जायचे तो मालकही असतो. अशा ठिकाणी दलित वस्तीतला माणूस किंवा सासूसोबत आलेली सून मोठ्याने खरे नाव सांगेल, ही अपेक्षा धरणेच चूक आहे. काही जण बोलायलाच नकार देतात, काही जण जिंकणाऱ्याचे नाव घेतात. नकार देणारे कोण होते, हे नोंदवून नंतर हिशेबात न धरणारी चाचणी तिथेच फसते.

तरीही मतांची टक्केवारी बऱ्याचदा खऱ्या आकड्याच्या आसपास येते. खरी घसरण पुढच्या पायरीवर, टक्केवारीवरून जागा काढताना होते. आपल्याकडे ज्याला सर्वाधिक मते तो निवडून येतो, मग आघाडी दोन लाखांची असो की दोन मतांची. २०२४ च्या लोकसभा निवडणुकीत महाराष्ट्रात महाविकास आघाडी आणि महायुती यांच्या मतांत एक टक्क्याचाही फरक नव्हता, पण जागा पडल्या ३० आणि १७. देशपातळीवरही तेच. भाजपची मते २०१९ च्या सुमारे ३७.४ टक्क्यांवरून ३६.६ टक्क्यांवर आली, जागा मात्र ३०३ वरून २४० वर. मुंबई उत्तर पश्चिम मतदारसंघात नऊ लाखांहून अधिक मतदान झाले आणि रवींद्र वायकर ४८ मतांनी निवडून आले. इतका बारीक फरक ओळखणारी कुठलीही चाचणी नाही, आणि कुणी तसा दावा केला तर तो मानू नये.

धुळ्याचा निकाल याहून बोलका आहे. २०२४ मध्ये तिथल्या सहापैकी पाच विधानसभा क्षेत्रांत भाजपचे सुभाष भामरे पुढे होते. एकट्या मालेगाव मध्यने ती सगळी आघाडी पुसून टाकली आणि काँग्रेसच्या शोभा बच्छाव ३,८३१ मतांनी विजयी झाल्या. मालेगाव मध्यमधली केंद्रे नमुन्यात जरा कमी पडली असती, तरी धुळ्याचा अंदाज पार उलटा निघाला असता. शितावरून भाताची परीक्षा होते खरी, पण भात एकाच पातेल्यातला असेल तरच.

म्हणून जागांचा आकडा हा एक्झिट पोलमधला सर्वांत कच्चा भाग, आणि नेमका तोच पडद्यावर सर्वांत मोठ्या अक्षरांत झळकतो. २००४ मध्ये चाचण्यांनी राष्ट्रीय लोकशाही आघाडीला पुढे दाखवले. प्रत्यक्षात काँग्रेस १४५ आणि भाजप १३८ वर थांबला आणि सरकार बदलले. २०१४ आणि २०१९ मध्ये दिशा बरोबर निघाली. २०२४ मध्ये बहुतेक संस्थांनी राष्ट्रीय लोकशाही आघाडीला ३५० च्या वर, काहींनी ४०० पर्यंत जागा दिल्या, मिळाल्या २९३. त्याची किंमत शेअर बाजाराने मोजली. ३ जूनला सेन्सेक्स अडीच हजार अंकांनी उसळला आणि ४ जूनला, निकालाच्या दिवशी, सुमारे ४,३९० अंकांनी कोसळला. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये हरियाणात चाचण्यांनी काँग्रेसचे सरकार आणले, तर ९० पैकी ४८ जागा घेऊन भाजप जिंकला. नोव्हेंबरमध्ये महाराष्ट्र विधानसभेला बहुतेकांचा कल महायुतीकडे होता, पण २८८ पैकी २३० जागांची लाट प्रमुख चाचण्यांना दिसली नाही.

कायद्याने या चाचण्यांवर बंदी नाही, वेळेचे बंधन आहे. लोकप्रतिनिधित्व कायदा, १९५१ मध्ये २००९ साली घातलेल्या कलम १२६ क नुसार पहिल्या टप्प्याचे मतदान सुरू झाल्यापासून शेवटच्या टप्प्याचे मतदान संपून अर्धा तास होईपर्यंत एक्झिट पोल घेऊन त्याचा निकाल प्रसिद्ध करता येत नाही. मोडल्यास दोन वर्षांपर्यंत कैद, दंड किंवा दोन्ही. २०२४ मध्ये ही मुदत १९ एप्रिलपासून १ जूनच्या संध्याकाळी साडेसहापर्यंत होती. त्यामागचे कारण रास्त आहे: सात टप्प्यांच्या निवडणुकीत पहिल्या टप्प्याचा कौल जाहीर झाला, तर शेवटच्या टप्प्यातला मतदार कोऱ्या मनाने मत देणार नाही. त्याआधी १९९८ मध्ये निवडणूक आयोगाने केवळ मार्गदर्शक सूचना काढून हे साधायचा प्रयत्न केला होता, पण प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेल्यावर त्या सूचना १९९९ मध्ये मागे घ्याव्या लागल्या.

चाचणीचे खरे मोल वेगळ्याच ठिकाणी आहे. महिलांनी पुरुषांपेक्षा वेगळे मत दिले का, कांदा आणि सोयाबीन पिकवणाऱ्याला भाव जास्त महत्त्वाचा वाटला की जात, पहिल्यांदा मत देणाऱ्याने काय पाहिले, याची उत्तरे मतमोजणीतून कधीच मिळत नाहीत, कारण मतदान यंत्रातले मत गुप्त असते. ती विचारूनच मिळतात. सीएसडीएसच्या लोकनीती उपक्रमाची सर्वेक्षणे अभ्यासक वर्षानुवर्षे वापरतात ती यासाठी; त्यांत नमुना कसा निवडला, किती जणांशी बोलले, हेही दिलेले असते. ब्रिटनमध्ये मोठ्या वाहिन्या मिळून एकच एक्झिट पोल करतात आणि शक्यतो मागच्या वेळचीच केंद्रे पुन्हा घेऊन मतांत किती बदल झाला ते मोजतात. आपल्याकडे प्रत्येक वाहिनीला स्वतःचा आकडा हवा असतो. ऑक्टोबर २०२४ मध्ये महाराष्ट्र आणि झारखंडच्या निवडणुका जाहीर करताना तेव्हाचे मुख्य निवडणूक आयुक्त राजीव कुमार यांनी नमुना किती होता, सर्वेक्षण कुठे झाले आणि आकडा चुकल्यास जबाबदारी कुणाची, असे प्रश्न जाहीरपणे उपस्थित केले. एक्झिट पोलवर आयोगाचे नियंत्रण नाही, हेही त्यांनी स्पष्ट केले. प्रत्येक चाचणीसोबत नमुन्याचा आकार, केंद्रांची निवड, नकार देणाऱ्यांचे प्रमाण आणि पैसे कुणी दिले हे छापणे सक्तीचे व्हायला हवे. मतदार आपले उत्तर विश्वासाने देतो, तेव्हा त्याचा हिशेब त्याला पाहायला मिळणे हा त्याचा हक्क आहे.