इंचाचं माप मिलीमीटरमध्ये लिहून देण्याआधी

ग्राहक मंडळींना नमस्कार.

उद्यमनगरातल्या आमच्या लेथवर येणारी बरीचशी कामं जुन्या यंत्रांची असतात. ऑईल इंजिन, उसाचा चरक, पिठाची गिरणी, सगळी इंचांत घडलेली. ड्रॉइंगवर 13/16 लिहिलेलं असतं, तोंडी सांगताना त्याचं 'साडेसहा सूत' होतं (इंचाचे सूत आठ), आणि आमचा ऑपरेटर मिलीमीटरचा मायक्रोमीटर घेऊन उभा असतो. घोटाळा होतो तो या मधल्या हिशेबात.

गुऱ्हाळाच्या हंगामाच्या तोंडावर एक ग्राहक चरकाची पिन करायला आले होते. कागदावर माप होतं 20.57 मिमी. आम्ही तंतोतंत तेवढी पिन काढून दिली. दुसऱ्या दिवशी ती परत आली, बुशमध्ये (पिन ज्या नळीत बसते त्यात) ढिली. मूळ माप 13/16 इंच. त्याचं दशांशात 0.8125 होतं, पण त्यांनी ते 0.81 धरलं आणि मग 25.4 नं गुणलं. खरं माप 20.64 मिमी. सात शतांशांचा फरक पडला आणि पिन वाया गेली. मूळ आकडा काय होता हे आम्हीही विचारलं नव्हतं, तेव्हापासून विचारतो.

एक इंच म्हणजे बरोबर 25.4 मिमी, त्यात कमीजास्त काही नाही. म्हणून आधी गुणून घ्या आणि भागाकार शेवटी एकदाच करा. 13 गुणिले 25.4 म्हणजे 330.2. आता त्याला 16 नं भागायचं.

33 मध्ये 16 दोनदा, बाकी 1. शून्य उतरवलं की 10, भाग जात नाही, वर 0. इथं दशांश चिन्ह द्या. 2 उतरवला की 102. सोळा सक शहाण्णव, बाकी 6. पुढं शून्य घेऊन 60. सोळा त्रिक अठ्ठेचाळीस, बाकी 12.

वर आलं 20.63. दोन दशांश स्थळं झाली, आता थांबा आणि बाकीकडे बघा. बाकीची दुप्पट करा: 24. ती भाजकापेक्षा, म्हणजे 16 पेक्षा मोठी आहे, म्हणून शेवटचा अंक एकानं वाढवा: 20.64. दुप्पट भाजकाइतकी आली तरी वाढवा, लहान आली तर आहे तसं ठेवा. पुढचा अंक काढायचीसुद्धा गरज पडत नाही.

पूर्णांकन (शेवटचे अंक सोडून आकडा जवळच्या अंकावर आणणं) एकदाच करायचं, हे आम्ही आग्रहानं सांगतो. 17/64 इंच म्हणजे 6.746875 मिमी. एका दशांश स्थळापर्यंत ते 6.7 होतं. पण कुणी आधी 6.75 केलं आणि मग त्याचं 6.8, तर ड्रिलच बदललं.

वयस्कर मंडळींना नवे पैसे आठवत असतील. 1 एप्रिल 1957 पासून रुपयाचे 100 नवे पैसे झाले, म्हणजे एक आणा सव्वासहा पैशांचा. एका आण्याचे 6 पैसे धरले, पण तीन आण्यांचे 18 नव्हे, 19. कारण तीन आणे म्हणजे 18.75, आणि पूर्णांकन त्याचं करायचं. पिनेचा हिशेबही असाच आहे.

आट्यांच्या मापात भागाकार संपतच नाही असंही होतं. एक इंची पाइपाला इंचात 11 आटे. 25.4 ला 11 नं भागलं की बाकी आधी 3, मग 1, मग 10, पुन्हा 1, पुन्हा 10, आणि वर 2.30909… लांबत जातं. बाकी फिरून तीच आली की भागाकार सोडा, 2.309 लिहा. सोळा, बत्तीस, चौसष्टच्या अपूर्णांकांत ही अडचण येत नाही, ते कुठंतरी संपतातच.

काम देताना कागदावर मिलीमीटरच्या शेजारी मूळ अपूर्णांकही लिहा. नुसतं 'साडेसहा सूत' लिहिलंत तरी चालेल, पुढचा हिशेब आम्ही तुमच्यासमोर करू. जुना पार्ट हाताशी असेल तर ग्रीस पुसून सोबत आणा, आणि बुश असेल तर तोही. पिन त्यात बसवून बघितल्याशिवाय आम्ही देत नाही.