बाळांच्या तोंडचा धागा आणि झाडावरचे विणकर

गोष्टीसाठी विणकरांची एखादी काल्पनिक जमात रचायची म्हटली तर कुणी त्यांना जादूचा माग देईल, कुणी न तुटणारा धागा देईल, पण सगळं सूत लेकरांच्या अंगात आणि मोठ्यांकडे एक तंतूसुद्धा नाही हे काही सहज सुचणार नाही. पण अशी जमात खरीच आहे आणि आपल्या आंब्या-काजूच्या झाडांवर राहते. विणकर मुंग्या, शास्त्रीय नाव ईकोफिला स्मारॅग्डिना, गोव्यात यांनाच हुमले म्हणतात. आंबे काढायला झाडावर चढणाऱ्याला यांची ओळख करून द्यावी लागत नाही. नांगी नसते यांना, पण कडकडून चावतात आणि वर पोट वाकवून त्याच जागी फॉर्मिक ॲसिड सोडतात, मग जी आग होते ती विचारू नका.

यांचं घरटं म्हणजे झाडावरचीच जिवंत, हिरवी पानं एकमेकांना शिवून केलेला गोळा. आता मुंगी जेमतेम 8 ते 10 मिलीमीटरची आणि आंब्याचं पान केवढं आणि किती ताठ, ते वाकवायचं कसं? तर आधी एक-दोघी पानाची कड ओढून बघतात, जिथे पान थोडं तरी हलतं तिथे बाकीच्या धावतात आणि ओळीनं उभ्या राहतात, मागचे पाय एका पानावर रोवलेले आणि जबड्यात दुसऱ्या पानाची कड. फट अंगापेक्षा मोठी असली तर एक जण दुसरीची कंबर जबड्यात धरते, तिची तिसरी, अशा साखळ्या होतात, एकीशेजारी एक अशा कितीतरी, आणि सगळ्या मिळून मागे सरकत राहतात. हुकूम देणारं कुणी नाही. जिथे ओढून फायदा होतोय तिथे अजून मुंग्या येतात, जिथे होत नाही तिथल्या सोडून देतात, एवढ्यावरच अख्खं पान वळतं. मला यांचं सगळ्यात जास्त कौतुक याच गोष्टीचं वाटतं.

पानं जवळ आली की खरं विणकाम सुरू. काही मुंग्या जुन्या घरट्यात जाऊन पूर्ण वाढलेल्या अळ्या उचलून आणतात, पांढऱ्या, मऊ, पाय नसलेल्या, म्हणजे या मुंग्यांच्या धाकट्या बहिणीच. अळीला जबड्यात अलगद धरायचं, तिचं तोंड पानाच्या कडेला टेकवायचं आणि आपल्या मिशांच्या टोकांनी तिच्या डोक्याला हळूच थापट्या द्यायच्या. अळी रेशीम सोडते. ते चिकटलं की तिला उचलून समोरच्या पानावर टेकवायचं, परत इकडे, परत तिकडे, हातमागावरच्या धोट्यासारखं. असे असंख्य धागे पडले की फटीवर पांढरं कापड तयार होतं आणि ओढून धरलेल्या मुंग्या मोकळ्या होतात.

आता हे रेशीम मुळात असतं कशासाठी? मुंग्यांच्या कितीतरी जातींत अळी ते स्वतःभोवती गुंडाळून कोष करते आणि आत तिची मुंगी होते. विणकर मुंगीची अळी स्वतःसाठी कोष करतच नाही. सगळा धागा घराला जातो आणि तिची पुढची अवस्था उघडीच पडून असते, आधार फक्त त्या घराच्या भिंतींचा. म्हणजे प्रत्येकीचं छोटं घर मोडून सगळ्यांचं एक मोठं घर झालं, आणि ज्यांनी सूत दिलं त्यांना अजून चालतासुद्धा येत नाही!

जोसेफ बँक्स हा निसर्ग अभ्यासक कॅप्टन कुकच्या जहाजावरून 1770 मध्ये ऑस्ट्रेलियाला गेला तेव्हा त्यानं पानं ओढणाऱ्या या मुंग्यांची झुंबड बघून लिहून ठेवली, पण आतून मुंग्या कसला तरी डिंक लावतात असं त्याला वाटलं. अळ्यांचा कारभार शास्त्रज्ञांच्या लक्षात यायला पुढे शंभरेक वर्षं गेली.

एका वसाहतीची घरटी अनेक झाडांवर पसरलेली असतात, शंभराहूनही जास्त, आणि मुंग्या पाच लाखांपर्यंत जातात. राणी बहुतेक वेळा एकच आणि ती एकाच घरट्यात, पण विणकामाला अळ्या तर सगळीकडे लागतात, त्यामुळे तिची अंडी-पिल्लं उचलून घरोघरी पोचवली जातात. मोठ्या मुंग्या बाहेरची कामं करतात, छोट्या घरात बाळं सांभाळतात. वय झालेल्या मुंग्या हद्दीवरच्या घरट्यांत राहायला जातात आणि शेजारच्या वसाहतीशी मारामारी झाली तर आधी त्या पुढे होतात. काही कोळी तर हुबेहूब या मुंग्यांसारखे दिसतात, कारण यांच्या वाटेला फारसं कुणी जात नाही.

माणसानं हे फार पूर्वी हेरलं. दक्षिण चीनमध्ये सतराशे वर्षांपूर्वीपासून संत्रावर्गातल्या झाडांवर किडी खायला ही घरटी विकत आणून टांगायचे आणि झाडाझाडांत मुंग्यांसाठी बांबूचे पूल बांधायचे. बस्तरमध्ये यांची चापडा चटणी करतात, ओडिशातल्या मयूरभंजच्या काई चटणीला 2024 मध्ये जीआय टॅगही (भौगोलिक मानांकन) मिळाला. आपल्याकडे काजूवाल्यांनी तर यांच्याकडे नीट बघायला हवं, कारण काजूचा मोहोर आणि कोवळी पालवी जाळणाऱ्या ढेकण्या या किडीला या मुंग्या हुसकावतात. अडचणीही आहेत, त्या लपवण्यात अर्थ नाही. गोड रसासाठी या मुंग्या पिठ्या ढेकूण ही झाडाचा रस शोषणारी दुसरी कीड पाळतात, आणि काजू काढणाऱ्यांना चावतात ते वेगळंच. मुंग्यांना ये-जा करता यावी म्हणून दोन वेगळ्या वसाहतींची झाडं दोरीनं जोडली तर आपसात लढून मरतात, म्हणून कुठल्या झाडावर कोण आहे हे आधी बघावं लागतं. पण मोहोरावर फवारणी केली की ढेकण्याबरोबर याही जातात, आणि ढेकण्या परत आला तर त्याला हाकलायला झाडावर कुणी उरलेलं नसतं.