सॉलोमन बर्क

बर्क, सॉलोमन (२१ मार्च १९४० – १० ऑक्टोबर २०१०). अमेरिकन सोल (चर्चमधील भक्तिगीते आणि रिदम अँड ब्लूज यांतून घडलेले कृष्णवर्णीयांचे लोकप्रिय संगीत) गायक आणि धर्मोपदेशक. डोक्यावर मुकुट, अंगावर झगझगीत झगा आणि मंचावर सिंहासन अशा राजेशाही थाटासाठी तो ओळखला जाई. हा थाट दिखाऊ वाटला, तरी त्याची मुळे चर्चमध्ये आहेत, आणि ती लक्षात घेतल्याशिवाय बर्कचे गाणे कळत नाही.

त्याचा जन्म फिलाडेल्फियात झाला. नातवाच्या जन्माआधीच त्याचे स्वप्न पडल्याने आजीने एक चर्च स्थापन केले, असे घरात सांगितले जाई. बर्क लहानपणीच प्रवचने देऊ लागला आणि ‘वंडर बॉय प्रीचर’ (अद्भुत बालउपदेशक) म्हणून शहरात गाजला. उपदेशकाचा आवाज कुठे दाबायचा, कुठे सोडायचा आणि समोरच्या समुदायाकडून ओळ कशी उचलून घ्यायची, हे सारे त्याच्या गळ्यात तेव्हाच मुरले. १९५५ मध्ये अपोलो रेकॉर्ड्सने त्याची पहिली गाणी काढली. पुढे मतभेद होऊन तो कंपनीबाहेर पडला, काही काळ हलाखीत राहिला आणि अंत्यविधीच्या व्यवसायात शिरला. गाणे जोरात असतानाही हा व्यवसाय त्याने सोडला नाही.

१९६० मध्ये तो अटलांटिक रेकॉर्ड्सकडे आला. १९६१ चे ‘जस्ट आउट ऑफ रीच’ हे मुळात कंट्री, म्हणजे प्रामुख्याने गोऱ्या ग्रामीण अमेरिकनांच्या संगीतातले गाणे. कृष्णवर्णीय गायकाने ते गावे आणि ते लोकप्रिय व्हावे, ही त्या काळात मोठी गोष्ट होती. त्यानंतर ‘क्राय टू मी’ (१९६२), ‘इफ यू नीड मी’ (१९६३) आणि ‘गॉट टू गेट यू ऑफ माय माइंड’ (१९६५) ही गाणी आली. यांतले शेवटचे रिदम अँड ब्लूजच्या लोकप्रियता यादीत पहिल्या क्रमांकावर पोहोचले. १९६४ च्या ‘एव्हरीबडी नीड्स समबडी टू लव्ह’ची सुरुवात तर सरळ प्रवचनासारखी आहे: बर्क आधी श्रोत्यांशी बोलतो, मग बोलता बोलता सुरात शिरतो. रोलिंग स्टोन्स या ब्रिटिश रॉक बँडने ते पुढच्याच वर्षी गायले, आणि १९८० च्या ‘द ब्लूज ब्रदर्स’ चित्रपटामुळे ते नव्या पिढीपर्यंत गेले. दोन्हींमध्ये जोश भरपूर आहे; मूळ गाण्यातली आर्जवाची धार मात्र बर्ककडेच ऐकावी.

‘किंग ऑफ रॉक अँड सोल’ हा किताब १९६४ मध्ये बाल्टिमोरच्या एका रेडिओ निवेदकाने त्याला बहाल केला, आणि बर्कने तो आयुष्यभर मनापासून मिरवला. मैफलीत तो स्त्रियांना लाल गुलाब वाटे. धंद्याची नजरही पक्की होती. न्यूयॉर्कच्या अपोलो थिएटरमध्ये गाताना त्याने खाद्यविक्रीचा हक्क करारातच मिळवला आणि पॉपकॉर्न विकले, हा किस्सा सोलच्या इतिहासात वारंवार येतो. पुढे वजन अतोनात वाढल्याने उभे राहून गाणे अवघड झाले, तेव्हा तेच सिंहासन त्याची गरज बनले. बसल्या जागेवरून केवळ आवाज आणि हात यांच्या बळावर तो सभागृह ताब्यात घेई.

१९६८ मध्ये त्याने अटलांटिक सोडले. नंतरची तीन दशके ध्वनिमुद्रणे होत राहिली, पण पूर्वीचे यश लाभले नाही. २००१ मध्ये रॉक अँड रोल हॉल ऑफ फेममध्ये त्याचा समावेश झाला. २००२ मध्ये निर्माता जो हेन्रीने ‘डोन्ट गिव्ह अप ऑन मी’ हा संग्रह केला. बॉब डिलन, टॉम वेट्स, व्हॅन मॉरिसन, एल्व्हिस कॉस्टेलो अशा गीतकारांनी त्यासाठी गाणी दिली. साथ अगदी मोजकी ठेवली होती, त्यामुळे साठीतल्या त्या आवाजाचा खर्ज आणि त्यातली कणव उघडी पडली. या संग्रहाला ग्रॅमी मिळाले. बर्क किती मोठा होता हे ज्यांना पडताळायचे असेल, त्यांनी इथूनच सुरुवात करावी.

२१ अपत्यांचा हा पिता ॲमस्टरडॅमच्या स्खिपोल विमानतळावर मरण पावला. ‘दे डाइक’ या डच बँडबरोबर त्या शहरात त्याचा कार्यक्रम ठरलेला होता.