डाळिंबाचा रस पिणारा पतंग आणि बांधावरची गुळवेल

कळवण, सटाणा, मालेगाव, देवळा म्हणजे नाशिक जिल्ह्यातला आपला कसमादे पट्टा. इथलं आंबे बहाराचं, म्हणजे जानेवारी-फेब्रुवारीत फुलणारं डाळिंब पावसाळ्यात रंगावर येतं आणि त्याच सुमारास रस शोषणारा पतंग बागेत उतरतो. ऑगस्ट ते ऑक्टोबर त्याचा जोर असतो. फवारण्या करूनही सकाळी झाडाखाली गळलेली फळं सापडतात, कारण या पतंगाची अळी डाळिंबावर वाढतच नाही. ती वाढते गुळवेलीवर आणि वासनवेलीवर.

हा कीटक जगाला फार जुना माहीत आहे. स्वीडिश निसर्गशास्त्रज्ञ लिनियसने 1763 साली त्याला फॅलोनिया हे नाव दिलं, पुढच्याच वर्षी त्याच देशाच्या क्लेर्कने फुलोनिया. बराच काळ रूढ राहिलं ते दुसरं, आता पुन्हा पहिलं वापरतात. म्हणून जुन्या शेतीपुस्तिकांत ‘ऑथ्रेइस फुलोनिया’ आणि आता ‘युडोसिमा फॅलोनिया’ दिसतं, पतंग तोच. मटेर्ना ही त्याची जवळची जात 1767 मध्ये नोंदली गेली. पंख मिटून बसला की दोन्ही वाळक्या पानासारखे दिसतात. मागचे पंख नारिंगी-पिवळे. फॅलोनियाच्या पंखावर काळा, वाकडा, काजूच्या बीसारखा डाग, तर मटेर्नाच्या पंखावर गोल ठिपका.

अळी मखमली, काळपट तपकिरी. अंगाच्या दोन्ही बाजूंना डोळ्यांसारखे दोन-दोन ठिपके असतात. हात लागला की डोकं खाली दुमडून ती पाठीची कमान करते, आणि तेच ठिपके रोखून बघत असल्यासारखे वाटतात.

पुण्यात 1936 साली निवडलेला ‘गणेश’ वाण आणि नंतरचा ‘भगवा’ यांमुळे डाळिंब या कोरडवाहू भागात पसरलं. वेली तर कुंपणात आणि कडुनिंबावर आधीपासून होत्याच. अळीचं घर आणि पतंगाचं जेवण असं शेजारी आलं.

पतंगाच्या सोंडेचं टोक कठीण, काटेरी असतं. भगव्याची जाड सालही ते भेदतं. फळावर टाचणीएवढं छिद्र दिसतं, दाबलं तर रस येतो. त्या छिद्रातून बुरशी शिरते, भोवतीचा भाग मऊ तपकिरी होतो आणि फळ गळतं. छिद्र मोठं आणि तोंडाशी विष्ठा असेल तर ती दुसऱ्याच किडीची, फळ पोखरणारी अळी; तिचा उपाय वेगळा.

संध्याकाळनंतर टॉर्च मारा, पतंगाचे डोळे तांबडे चमकतात. फळ रंगायच्या आधीच कागदी पिशवी घाला. उशीर झाला तर पिशवीत डागी फळ सडतं. गळालेली फळं रोज वेचून पुरा, त्यांच्या आंबूस वासावर आणखी पतंग येतात. जुन्या शिफारशीतलं आमिष असं: 2 लिटर पाण्यात 200 ग्रॅम गूळ, थोडा व्हिनेगर आणि मॅलॅथिऑन हे कीटकनाशक 20 मिली, रुंद तोंडाच्या भांड्यात. हल्ली ते वापरण्याआधी कृषी सहायकाला जरूर विचारा.

गुळवेल औषधी आहे, ती सरसकट उपटू नये असं आमचं स्पष्ट मत आहे. बागेलगतची तेवढी काढा. बाकीच्या वेलींची पानं जून-जुलैपासून दर आठवड्याला उलटून बघा आणि अळ्या हाताने वेचा.