डेरी की लंडनडेरी: आयर्लंडच्या जमिनीचे मालक कसे बदलले

उत्तर आयर्लंडात एका शहराकडे जाणाऱ्या रस्त्यांवरच्या पाट्यांवर रंग फासलेला दिसतो. पाटीवर 'लंडनडेरी' असतं आणि त्यातलं 'लंडन' तेवढं कुणीतरी खोडलेलं असतं. मूळ आयरिश नावाचा अर्थ ओकची राई. त्याच्यापुढे 'लंडन' लागलं 1613 मध्ये, राजाच्या सनदेने. शहर आणि भोवतालचा मुलूख तेव्हा लंडनच्या व्यापारी संघांच्या हवाली झाला होता. कॅथलिक माणूस सहसा 'डेरी' म्हणतो, ब्रिटनशी निष्ठा सांगणारा 'लंडनडेरी'. या भांडणाला धर्माचा रंग आहे, पण त्याच्या मुळाशी जमीन आहे.

इंग्रज आयर्लंडात आले बाराव्या शतकात. आले आणि तिथलेच होऊन बसले. आयरिश बोलू लागले, आयरिश घराण्यांशी सोयरिकी करू लागले. हे इतकं वाढलं की 1366 मध्ये किलकेनी इथे कायदा करून त्यांना आयरिश भाषा, आयरिश कायदा आणि आयरिश लग्नं मना करावी लागली. उपयोग फारसा झाला नाही. पंधराव्या शतकाच्या अखेरीस राजाचा अंमल खऱ्या अर्थाने डब्लिनच्या आसपासच्या पट्ट्यापुरताच उरला होता. त्या पट्ट्याला 'पेल' म्हणत.

1541 मध्ये आठवा हेन्री आयर्लंडचा 'राजा' झाला. तोवर इंग्लंडचे राजे तिथे नुसते 'लॉर्ड' होते. मग एक डाव टाकला गेला. आयरिश सरदाराने आपला मुलूख राजाच्या चरणी ठेवायचा आणि राजाने तोच त्याला सनद देऊन परत करायचा. वर इंग्रजी किताब. वरवर पाहता कुणाचं काहीच गेलं नाही. 1542 मध्ये कॉन ओ'नील ग्रीनिचला गेला आणि टायरोनचा अर्ल होऊन परतला.

गोम वारशात होती. आयरिश रिवाजात सरदारकी थोरल्या मुलाकडे आपोआप जात नसे. भाऊबंदांमधला कर्तबगार पुरुष सरदार हयात असतानाच वारस म्हणून निवडला जाई, त्याला 'टॉनिश्ता' म्हणत. (आयर्लंडच्या उपपंतप्रधानाच्या पदाचं नाव आजही हेच आहे.) मुलूखही सरदाराच्या खासगी मालकीचा नव्हता, साऱ्या भाऊबंदांचा सामाईक होता. इंग्रजी सनदेने मात्र सगळं एका माणसाच्या नावावर चढवलं. कॉनने वारस म्हणून मॅथ्यूचं नाव घातलं. भाऊबंदांनी दुसरा मुलगा शेन याला उचलून धरलं. शेनचा युक्तिवाद बिनतोड होता: बापाचा हक्क त्याच्या हयातीपुरता, तेव्हा जे त्याचं नव्हतंच ते तो राजाला देणार कसं? मॅथ्यू मारला गेला. शेनने पुढे एलिझाबेथच्या दरबारात जाऊन आपला दावा मांडला, पण 1567 मध्ये त्याचंही मुंडकं डब्लिनच्या किल्ल्यावर टांगलं गेलं.

जमीन जप्त करायची आणि तिथे बाहेरची माणसं वसवायची, अशा वसाहतींचा पहिला सरकारी प्रयोग 1556 चा, लीश आणि ऑफली या भागांत. तो सुरू झाला मेरी राणीच्या कारकिर्दीत आणि मेरी स्वतः कट्टर कॅथलिक, म्हणजे आयरिशांच्याच पंथाची होती. म्हणजे प्रकरण पहिल्यापासून धर्माचं नव्हतं, धर्म मागाहून येऊन घट्ट चिकटला.

मग दक्षिणेतल्या मन्स्टरची पाळी आली. डेसमंडच्या अर्लचं बंड 1583 मध्ये मोडलं गेलं ते पिकं जाळून आणि गुरं पळवून. कवी एडमंड स्पेन्सर तेव्हा सरकारी नोकरीत होता. पायांत बळ नाही म्हणून हातांवर रांगत रानातून बाहेर येणारी, मेलेलं जनावर खाणारी माणसं त्याने वर्णन करून ठेवली आहेत. आणि मुलूख कायमचा नमवायचा तर उपासमारीचाच मार्ग घ्यावा, असंही तो सुचवतो. त्याला स्वतःला जप्तीच्या जमिनीतून सुमारे तीन हजार एकर मिळाले. दर्यावर्दी वॉल्टर रॅलेला मिळाले सुमारे 42 हजार. रॅलेने ती जमीन पुढे रिचर्ड बॉइल नावाच्या हिकमती माणसाला विकली. आपण शाळेत वायूचा दाब आणि आकारमान यांचा जो नियम घोकला, तो याच बॉइलच्या मुलाचा.

उत्तरेतला अल्स्टर प्रांत शेवटपर्यंत झुंजला. ह्यू ओ'नीलने नऊ वर्षं इंग्रजांना जेरीस आणलं, पण 1601 मध्ये किन्सेलला स्पॅनिश कुमक येऊनही तो हरला. 1603 च्या मार्चअखेर तो शरण आला. एलिझाबेथ सहा दिवसांपूर्वीच वारली होती आणि ही बातमी त्याच्यापासून लपवून ठेवली होती. 1607 मध्ये तो आणि आणखी काही सरदार जहाजाने युरोपात निघून गेले. राजद्रोही ठरवून त्यांचे मुलूख जप्त झाले.

इथे वकील पुढे आले. सर जॉन डेव्हिस हा आयर्लंडचा सरकारी वकील. भाऊबंदांमध्ये जमीन वाटण्याची जी आयरिश पद्धत होती, तिला इंग्रज 'गॅव्हलकाइंड' म्हणत. 1606 मध्ये डब्लिनच्या न्यायाधीशांनी ती रद्दबातल ठरवली. दोन वर्षांनी टॉनिश्ता निवडण्याचा रिवाजही गेला. सरदार पळून गेला तर भाऊबंदांची सामाईक जमीन कशी जप्त होईल, हा प्रश्न यानंतर उरलाच नाही, कारण कायद्याच्या लेखी सामाईक जमीन अशी काही गोष्टच नव्हती. माझ्या मते किन्सेलच्या लढाईइतकेच हे निकाल निर्णायक ठरले.

1609 पासून अल्स्टरच्या सहा काउंट्यांची वाटणी सुरू झाली. जमिनीचे हजार, दीड हजार आणि दोन हजार एकरांचे तुकडे पाडले. ते घेणाऱ्या इंग्रज-स्कॉट धन्यांना अटी घातल्या: दर हजार एकरांमागे चोवीस धडधाकट पुरुष वसवायचे, तटबंदी बांधायची आणि आयरिश कूळ ठेवायचं नाही. हजार एकरांमागे त्यांचा वार्षिक सारा 5 पौंड 6 शिलिंग 8 पेन्स. ज्या थोड्या आयरिश लोकांना जमीन मिळाली, त्यांना 10 पौंड 13 शिलिंग 4 पेन्स. बरोबर दुप्पट! डेरीभोवतीचा मुलूख लंडनच्या बारा बड्या व्यापारी संघांनी चिठ्ठ्या टाकून वाटून घेतला. कापडवाल्यांच्या संघाच्या वाट्याला आलेल्या भागातलं गाव आजही ड्रेपर्सटाउन म्हणून ओळखलं जातं.

याच काळात डब्लिनमध्ये फ्रान्सिस ऑन्जियर हा बडा न्यायाधिकारी होता. लाँगफर्डच्या वसाहतीत त्याला जमीन मिळाली. त्याचा नातू जेराल्ड पुढे मुंबईचा गव्हर्नर झाला. 1674 मध्ये शिवाजी महाराजांच्या राज्याभिषेकाला ऑक्झिंडन रायगडावर आला, तो याच्याच कारकिर्दीत. त्याआधी 1672 मध्ये ऑन्जियरने मुंबईच्या जमीनधारकांशी करार केला: वर्षाला वीस हजार झेराफिन (तेव्हाचं पोर्तुगीज नाणं) भरा, जमिनी तुमच्याकडेच ठेवा. आजोबा जिथे न्यायाधिकारी होते त्या आयर्लंडात अशी मुभा फार थोड्यांना मिळाली होती. अर्थात तिथे कंपनीपेक्षा कितीतरी मोठं लष्कर हाताशी होतं.

अल्स्टरचा कागदावरचा बेत जमिनीवर उतरलाच नाही. इंग्लंडहून पुरेशी कुळं येईनात, तेव्हा धन्यांनी अट धाब्यावर बसवून आयरिश माणसांनाच जमिनी कसायला दिल्या. कालचा मालक आज शेजारी आणि कूळ. ऑक्टोबर 1641 मध्ये भडका उडाला. पोर्टाडाउनच्या पुलावरून सुमारे शंभर प्रोटेस्टंटांना नदीत ढकललं गेलं. वाचलेल्यांच्या हजारो जबान्या डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजात जपलेल्या आहेत. मेलेले काही हजार असावेत. इंग्लंडात छापला गेलेला आकडा लाखांत होता. 1642 मध्ये पार्लमेंटने बंड मोडण्याचा खर्च उभारायला आयर्लंडमधली 25 लाख एकर जमीन गहाण टाकल्यासारखी आगाऊच विकायला काढली. 200 पौंड भरा, अल्स्टरमध्ये हजार एकर घ्या.

पार्लमेंटचा सेनापती ऑलिव्हर क्रॉमवेल 1649 मध्ये आयर्लंडात उतरला. ड्रोएडा आणि वेक्सफर्डच्या कत्तली सर्वांना ठाऊक आहेत. त्यानंतरचं काम अधिक शांतपणे झालं. कॅथलिक जमीनदारांनी 1 मे 1654 च्या आत शॅनन नदीपलीकडच्या खडकाळ कॉनॉटमध्ये जावं, असा हुकूम निघाला. (दिल्लीच्या कनॉट प्लेसच्या नावात हेच कॉनॉट आहे, एका ड्यूकच्या किताबामार्फत आलेलं.) मोकळ्या झालेल्या जमिनीच्या मोजणीचा ठेका लष्करातला एक डॉक्टर, विल्यम पेटी, याने घेतला. तेरा महिन्यांत करून देतो म्हणाला. साखळ्या धरायला सैनिक होतेच. पगाराच्या थकबाकीपोटी त्यांना याच जमिनीचे रोखे मिळणार होते. पुष्कळांनी ते कवडीमोलाने अधिकाऱ्यांना विकून टाकले. पेटीला स्वतःलाही केरीमध्ये प्रचंड जमीन मिळाली.

1641 मध्ये आयर्लंडची सुमारे 60 टक्के जमीन कॅथलिकांकडे होती. 1703 पर्यंत 14 टक्के उरली. उरलेल्या जमिनीसाठी 1704 मध्ये नवा कायदा आला: कॅथलिक माणूस मेला की त्याची जमीन सगळ्या मुलांत सारखी वाटली जावी, म्हणजे पिढीगणिक तिचे तुकडे पडत जातील. थोरला मुलगा प्रोटेस्टंट झाला तर मात्र सगळी त्याचीच. या वाटणीला कायद्यात नाव दिलं होतं गॅव्हलकाइंड.