लॉसलेस गाणे आणि तबकडीची खरखर

ठाण्याहून वाशीकडे जाणारी लोकल वेग घेऊ लागली की हेडफोनमध्ये जुन्या गाण्यातला गायिकेचा आवाज ऐकू येत राहतो, पण तिच्यामागे हलकेच वाजणारी सारंगी गाडीच्या खडखडाटात बुडून जाते. मोठा ध्वनी आसपासच्या कंपनसंख्येचे बारीक ध्वनी असे झाकून टाकतो आणि एमपी३ हे तंत्र कानाच्या याच मर्यादेवर उभे आहे. गाण्यातलाच एक आवाज दुसऱ्याखाली दबणार असेल, तर तो साठवायचा कशाला? सीडीच्या दर्जात सुमारे ३२ एमबी जागा घेणारे तीन मिनिटांचे गाणे म्हणूनच १२८ केबीपीएसच्या (सेकंदाला १२८ किलोबिट) एमपी३मध्ये ३ एमबीत मावते. गाळलेले मात्र परत मिळत नाही.

२००१ साली आलेल्या फ्लॅक या लॉसलेस, म्हणजे काहीही न गाळणाऱ्या, तंत्राची रीत वेगळी आहे. सीडीवर दर सेकंदाला ध्वनिलहरीची ४४,१०० मोजमापे नोंदलेली असतात; फ्लॅक आधीच्या काही मोजमापांवरून पुढच्याचा अंदाज बांधते आणि अंदाज व प्रत्यक्ष यांतला फरक तेवढा लिहून ठेवते. फरकाच्या लहान आकड्यांना जागा कमी लागते, आणि ऐकताना तोच अंदाज पुन्हा बांधून त्यात फरक मिळवला की मूळ आकडा जसाच्या तसा हाती येतो. संथ बासरीचा अंदाज सहज लागतो. ७८ आरपीएमच्या (मिनिटाला ७८ फेरे घेणाऱ्या) लाखेच्या तबकडीची खरखर मात्र कोणत्याच अंदाजात बसत नाही. त्यामुळे गंमत अशी होते, की घासलेल्या तबकडीवरून उतरवलेल्या गाण्याची फाइल त्याच गाण्याच्या स्वच्छ प्रतीपेक्षा सहसा मोठी भरते.

लॉसलेस फाइल केवळ हाती आलेल्या आकड्यांची जबाबदारी घेते. ते मूळ टेपवरून आले की झिजलेल्या तबकडीवरून, याच्याशी तिला कर्तव्य नसते, आणि पुढे ब्लूटूथच्या एसबीसी पद्धतीतून आवाज गेला की पुन्हा गाळणी लागतेच. नौपाड्यातल्या बंद खोलीत वायरचा हेडफोन लावून ऐकणाऱ्याने लॉसलेसचा आग्रह जरूर धरावा. लोकलमध्ये चांगला एमपी३ पुरे, असे माझे मत आहे.

एमपी३चेच फ्लॅक करून खपवण्याचेही प्रकार चालतात. स्पेक्ट्रोग्राममध्ये, म्हणजे कोणत्या क्षणी कोणत्या कंपनसंख्येचा ध्वनी किती आहे हे दाखवणाऱ्या चित्रात, १२८ केबीपीएसची प्रत साधारणपणे १६,००० हर्ट्झच्या वर एकदम कोरी दिसते. पण १९४०च्या दशकातल्या ध्वनिमुद्रणात मुळातच इतक्या वरचे काही फारसे नसल्याने केवळ गाण्यावरून निदान होत नाही. तिथे खरखर पाहावी. साफसफाई न करता तबकडीवरून उतरवलेल्या प्रतीत ती १६,०००च्या वरही पसरलेली असते. ती नेमकी त्याच रेषेवर कापल्यासारखी थांबत असेल, तर फाइल एमपी३वरून बनवल्याचा संशय घेण्यास पुरेशी जागा आहे.